बाळाचं ‘उष्टावण’ म्हणजे काय? ‘उष्टं’ हा शब्द यात आला कुठून?

यवतमाळ : बाळ पाच-सहा महिन्यांचं झालं की घरात प्रश्न सुरू होतो, ‘उष्टावण कधी?’ मग मामाच्या मांडीवर बाळ बसतं, खिरीत बुडवलेली सोन्याची अंगठी ओठांना लावली जाते आणि फोटो स्टेटसला जातात. पण एवढ्या कौतुकाच्या शब्दात ‘उष्टं’ कसं?

‘उष्टं’ हे संस्कृत ‘उच्छिष्ट’चं मराठी रूप. अर्थ, उरलेलं. शेष, अवशेष हे शब्दही त्याच धातूचे. मराठीत मात्र अर्थ सरकला. पोपटाने पेरू उष्टावला म्हणतो तेव्हा पेरू किती उरला हे कोण बघतं? चोच लागली, झालं. उष्टावणही तसंच : अन्नाला बाळाचं तोंड पहिल्यांदा लागणं.

पोथीतला शब्द ‘अन्नप्राशन’. प्राशन आता आपण पिण्यासाठी वापरतो, पण मूळ ‘अश्’ धातू खाण्याचा. अंगणवाडीतही ‘अन्नप्राशन दिवस’ होतो.

या दोन्ही शब्दांत दूध बंद करणं कुठेच नाही. त्यासाठी मराठीत वेगळा शब्द आहे, ‘दूध तोडणं’. गडबड होते ती दोन्ही एकच समजल्याने. इंग्रजीतल्या ‘वीनिंग’चा आजचा अर्थ दूध सोडवणं असला तरी जुना अर्थ सवय लावणं असाच होता. जागतिक आरोग्य संघटना सांगते, सहा महिने पूर्ण झाले की वरचं अन्न सुरू करा, पण आईचं दूध दोन वर्षं किंवा त्यापुढेही चालू ठेवा.

इथे आणखी एक गोम आहे. आश्वलायन गृह्यसूत्रात सहावा महिना सांगितलाय. पण ‘सहावा लागला’ आणि ‘सहा पूर्ण झाले’ यात महिन्याचा फरक पडतो. मुलीचं उष्टावण पाचव्यात करण्याचीही प्रथा आहे. ते घाईचं ठरतं. उलट मामाला सुट्टी नाही, मुहूर्त नाही म्हणून आठवा उजाडतो, आणि तोवर बाळ नुसत्या दुधावर! राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणानुसार (२०१९-२१) देशात ६ ते ८ महिन्यांच्या फक्त ४५.९ टक्के बाळांना आईच्या दुधासोबत वरचं अन्न मिळत होतं.

समारंभ नंतर केला तरी चालतो. सहा महिने पूर्ण झाले की मऊ वरणभात कुस्करून, वर थोडं तूप घालून, सुरुवातीला दोन-तीन चमचे द्यावा. डाळीचं नुसतं पाणी नको; घास चमच्यावरून ओघळणार नाही इतका दाट हवा. आणि वर्षाच्या आत मध चाटवू नये, अंगठीवरूनसुद्धा नाही.