गोलरक्षकाची लेक

९ ऑगस्ट २०२४. पॅरिसजवळच्या कोलोंबमध्ये ऑलिंपिकमधली महिला हॉकीची अंतिम लढत सुरू होती. चीनने पहिल्या काही मिनिटांतच गोल केला आणि मग ती आघाडी अशी जपली, की नेदरलँड्सच्या दिग्गज खेळाडूंना वाटच सापडेना. चौथं सत्र उजाडलं तरी फलकावर १-० कायम. अशा वेळी पेनल्टी कॉर्नर मिळाला आणि चोवीस वर्षांच्या यिबी यान्सनने ड्रॅग फ्लिकवर बरोबरी साधली. पुढे शूटआउटमध्ये नेदरलँड्सने ३-१ अशी बाजी मारली. स्पर्धेत यिबीचे ९ गोल झाले. इतके दुसऱ्या कुणाचेच नव्हते.

त्या दिवशी चीनच्या प्रशिक्षक होत्या ॲलिसन ॲनन. मूळच्या ऑस्ट्रेलियाच्या, खेळाडू म्हणून दोन ऑलिंपिक सुवर्णपदकं मिळवलेल्या. तीनच वर्षांपूर्वी टोकियोत त्यांनी नेदरलँड्सला सुवर्ण जिंकून दिलं होतं आणि त्या संघात यिबी नव्हती. ॲनन यांचा तो निर्णय मला चुकीचा वाटत नाही. ऑलिंपिकचा संघ लहान असतो आणि कॉर्नरसाठी तेव्हा काया फान मासआकर ही अनुभवी खेळाडू होती. यिबीने २०१९ मध्ये राष्ट्रीय संघात पदार्पण केलं होतं, पण आपल्या आधीची खेळाडू त्या जागेवर असताना तिला थांबणं भाग होतं. यिबीच्या सुरुवातीच्या कारकिर्दीतला हा थांबण्याचा काळच मला तिच्या पदकांइतका मोलाचा वाटतो.

तिचा जन्म १८ नोव्हेंबर १९९९ चा. वडील रोनाल्ड यान्सन हे डच पुरुष संघाचे गोलरक्षक. १९९६ च्या अटलांटा ऑलिंपिकमध्ये सुवर्ण, १९९८ मध्ये घरच्या मैदानावर, उट्रेख्टला विश्वचषक आणि २००० मध्ये सिडनीत पुन्हा सुवर्ण. सिडनीची अंतिम लढत दक्षिण कोरियाविरुद्ध ३-३ अशी सुटली आणि निकाल पेनल्टी स्ट्रोकवर लागला. लेक तेव्हा दहा महिन्यांची होती. चोवीस वर्षांनी तिचं सुवर्णही बरोबरीनंतरच आलं. बाप गोल अडवण्यात नावाजलेला, मुलगी गोल करण्यात. गोलरक्षकाला कोणता कोपरा सर्वांत अवघड जातो, हे ज्या घरात रोजचं बोलणं असेल, त्या घरात ड्रॅग फ्लिकर घडावी याचं मला नवल वाटत नाही.

टीव्हीवर ड्रॅग फ्लिक डोळ्याचं पातं लवतं न लवतं तोच संपते, म्हणून ती जरा सावकाश पाहू. पेनल्टी कॉर्नर मिळाला, की गोलखांबापासून किमान १० मीटरवर, बॅकलाइनवरून एक खेळाडू चेंडू आत ढकलते. ‘डी’च्या, म्हणजे गोलासमोर आखलेल्या अर्धवर्तुळाच्या, बाहेर दुसरी तो स्टिकने थांबवते. गोलरक्षक धरून बचावाला पाच जणी. चेंडू सुटला की त्या गोलरेषेवरून धावत सुटतात. नियम असा, की कॉर्नरवर पहिला फटका ‘हिट’ असेल तर चेंडू गोलातल्या ४६० मिलिमीटरच्या फळीपेक्षा वर जाता कामा नये. फ्लिकला ही अट नाही. म्हणून फ्लिकर चेंडूला ठोकत नाही. ती त्याच्याजवळ येते, खाली वाकते, डावा पाय लांब पुढे रोवते, चेंडू स्टिकच्या बाकाला चिकटवून मागून पुढे ओढत आणते आणि कंबर, खांदा, मनगट या क्रमाने सगळं अंग फिरवून भिरकावते. ‘डी’चा माथा गोलापासून १४.६३ मीटरवर. तिथून ३.६६ मीटर रुंद, २.१४ मीटर उंच चौकटीचा नेमका कोपरा गाठायचा आणि तोही समोरून धावत येणारी अंगावर पोचण्याच्या आत. या कामात कंबरेवर भयंकर ताण येतो. त्यामुळे सराव किती करायचा याइतकंच तो कधी थांबवायचा हेही शिकवावं लागतं.

नेदरलँड्समध्ये ही विद्या एकीकडून दुसरीकडे जात आली आहे. यिबीच्या आधी काया, तिच्याही आधी मार्त्ये पाउमेन. २००८ आणि २०१२ ची ऑलिंपिक सुवर्णं पाउमेनच्या काळातली. या परंपरेचा पाया क्लबांत आहे. त्या देशात हॉकी खेळणाऱ्यांत मुली आणि महिला पुरुषांपेक्षा जास्त आहेत आणि पोरवयातल्या संघांपासून वरिष्ठ संघापर्यंत सगळे एकाच क्लबच्या टर्फवर वाढतात. यिबी आइंडहोवनच्या ऑरांये-रोडकडून खेळली, मग उट्रेख्टजवळच्या बिल्टहोवनमधल्या एससीएचसीकडून. राष्ट्रीय संघात मोठी जागा मिळाली नव्हती, तेव्हाही क्लबच्या सामन्यांत ती कॉर्नर घेतच होती. मासआकर टोकियोनंतर निवृत्त झाली, तेव्हा यिबी तयार होती. २०२३ मध्ये युरोपीय विजेतेपद, पुढच्या वर्षी पॅरिस आणि त्याच वर्षाच्या अखेरीस जगातली सर्वोत्तम महिला हॉकीपटू हा आंतरराष्ट्रीय हॉकी महासंघाचा पुरस्कार. पुरुषांमध्ये तो मान आपल्या हरमनप्रीत सिंगला मिळाला, तोही ड्रॅग फ्लिकर.

१९२८ च्या ॲमस्टरडॅम ऑलिंपिकच्या अंतिम सामन्यात ध्यानचंद यांच्या भारताने याच नेदरलँड्सला ३-० ने हरवलं होतं, हे इथे आठवल्याशिवाय राहवत नाही. तेव्हा शिकण्याची पाळी त्यांची होती, आता ती आपली आहे.

पहिल्या महिला हॉकी इंडिया लीगच्या लिलावात ओडिशा वॉरियर्सने यिबीला २९ लाखांना घेतलं. परदेशी खेळाडूंत ही सर्वांत मोठी बोली होती. २६ जानेवारी २०२५ ला रांचीत ओडिशाने सूरमा क्लबला २-१ ने हरवून करंडक जिंकला. त्या सामन्यातले ओडिशाचे दोन्ही गोल आपल्या सातारा जिल्ह्यातल्या ऋतुजा पिसाळचे. ऑलिंपिक गाजवलेली डच मुलगी आणि साताऱ्याची मुलगी एकाच रंगाच्या जर्सीत होत्या, याचा मराठी वाचकाने अभिमान जरूर बाळगावा. पण साताऱ्याच्या मुलींकडे जिगर आहे हे त्यांनी केव्हाच दाखवून दिलं आहे. कमी आहे ती गावाजवळच्या टर्फची, आणि बाराव्या-तेराव्या वर्षी फ्लिक हातात बसवून देणाऱ्या, कंबर सांभाळून शिकवणाऱ्या प्रशिक्षकाची. जिल्ह्यात क्रीडासंकुलांवर खर्च होतो तेव्हा या दोन गोष्टी आधी मागायला हव्यात.

पुढचा विश्वचषक ऑगस्ट २०२६ मध्ये नेदरलँड्स आणि बेल्जियममध्ये आहे. सामने लागतील तेव्हा पेनल्टी कॉर्नरच्या वेळी उठून जाऊ नका.