वर येताना जपून!

गेल्या दिवाळीत माझा एक जुना विद्यार्थी भेटावयास आला होता. बी. ए. ला तो माझ्याच वर्गात बसे. पुस्तकात त्याचे लक्ष बेताचेच. पण मालवणकडचा असल्यामुळे पाण्यात मात्र मासोळी! पुढे तो मुंबईपासून दूर, भर समुद्रातील तेलविहिरींवर पाणबुड्याचे काम करू लागला. फराळाचे ताट पुढे आले, तसे मी त्याला विचारले, "काय रे, एवढ्या खोल पाण्यात उतरताना भीती नाही वाटत?"

चकलीचा तुकडा मोडीत तो म्हणाला, "सर, उतरताना कसली भीती? भीती असते ती वर येताना."

मला वाटले, स्वारी थट्टा करते आहे. बुडणारा माणूस वर येण्यासाठी जिवाच्या आकांताने धडपडतो, आणि हा म्हणतो वर येण्याचीच भीती! पण मग त्याने जे सांगितले आणि त्यानंतर कुतूहलापोटी मी जे वाचून काढले, ते इतके विलक्षण निघाले की, मराठीच्या प्राध्यापकाने शास्त्राच्या अंगणात घुसखोरी केल्याचा दोष पत्करूनही ते वाचकांपुढे ठेवावेसे वाटते.

गोळी-सोड्याची बाटली

जत्रेत मिळणारी गोळी-सोड्याची बाटली आपण सर्वांनीच लहानपणी फोडलेली आहे. बाटली बंद असते तेव्हा आतले पाणी कसे नितळ आणि शांत दिसते! अंगठ्याने गोळी आत दाबली, की फस्सकन आवाज होतो आणि पाणी फसफसून वर येते. हे बुडबुडे येतात कोठून? बाहेरून नव्हेत. ज्या वायूचे ते बनतात, तो आधीपासून पाण्यातच असतो. दाबाखाली मुकाट्याने विरघळलेला. दाब सुटला की त्याला मोकळे रान मिळते, इतकेच.

खोल पाण्यात उतरलेल्या पाणबुड्याचे शरीर म्हणजे अशीच एक बाटली. जमिनीवर आपल्या अंगावर हवेचा जेवढा दाब असतो, तेवढाच आणखी दाब पाण्याच्या दर दहा मीटरला वाढतो. तीस मीटर खाली गेलेल्या माणसावर चौपट दाब असतो, आणि त्याला श्वासासाठी पुरवावयाची हवाही त्याच दाबाची लागते. नाहीतर छाती फुगणारच नाही. आता हवेचा जवळजवळ चार पंचमांश भाग नत्रवायूचा. प्राणवायू शरीर वापरते. नत्रवायूचा मात्र त्याला काहीच उपयोग नाही. हा आगंतुक पाहुणा दाबाखाली रक्तात विरघळतो, आणि तेथून चरबीत, सांध्यांत, मज्जारज्जूत जाऊन बसतो. जितके खोल जावे आणि जितका वेळ राहावे, तितका तो अधिक साठतो. पाणबुड्याला मात्र त्याचा पत्ताही नसतो.

पाणबुड्या सावकाश वर आला, तर हा पाहुणा रक्तातून फुप्फुसात आणि श्वासावाटे बाहेर, असा आल्या वाटेने निघून जातो. घाई केली की बाटलीची गोळी निसटलीच म्हणून समजा! बुडबुडे सांध्यांत झाले तर हात-पाय सरळ करवत नाहीत, इतक्या वेदना होतात. मज्जारज्जूत झाले तर कमरेखालचे शरीर लुळे पडते. फुप्फुसांत गर्दी झाली तर श्वास कोंडतो, मेंदूवर आघात झाला तर भोवळ येते, बोबडी वळते. एखाद्याचे नुसत्या कातडीच्या खाजेवर निभावते. आणि ह्यात दगा असा, की माणूस हसत हसत वर येतो, कपडे बदलतो, चहा पितो, आणि मग कधी काही मिनिटांनी, कधी काही तासांनी दुखणे डोके वर काढते. बहुतेकांना ते चोवीस तासांच्या आत गाठते.

श्वास रोखून बुडी मारणारा आपला कोळी ह्या दुखण्यातून सहसा सुटतो. कारण छातीत मावेल तेवढीच हवा तो खाली नेतो. माणसाने पंप शोधून काढला, खोल पाण्यात तासन् तास राहण्याची सोय केली, आणि त्या सोयीबरोबर हा रोग आला.

पुलाखाली गाडलेली किंमत

ह्या रोगाचे पहिले मोठे बळी पाणबुडे नव्हते. खाणी खणणारे आणि पूल बांधणारे मजूर होते. नदीत पुलाचा खांब उभारावयाचा तर बूड नसलेली एक प्रचंड पेटी तळावर पालथी ठेवावयाची आणि तीत पंपाने दाबाची हवा भरावयाची. पाणी बाहेर राहते आणि मजूर आत चिखल उपसत बसतात. ह्या पेटीला कॅसन म्हणतात. अशा हवेत काम करणाऱ्या खाणकामगारांना तपासून पोल आणि वातेल ह्या दोघा फ्रेंच डॉक्टरांनी १८५४ सालीच लिहून ठेवले होते, की किंमत चुकवावी लागते ती बाहेर पडतानाच. पुन्हा दाबाखाली गेल्यास दुखणे हटते, हेही त्यांनी नोंदले होते. पण शहाण्याचे बोल शहाण्याच्या वहीतच राहिले.

१८७० साली अमेरिकेत सेंट लुई येथे मिसिसिपी नदीवर पुलाचे काम चालू होते. पाण्याखाली नव्वद फुटांच्या आसपास पेट्या पोहोचल्या आणि मजूर कोसळू लागले. डझनभर तरी माणसे दगावली. कोणी तोडगा काढला, की मनगटावर आणि घोट्यावर चांदी-जस्ताचे पट्टे बांधावेत. मजुरांनी ते श्रद्धेने बांधले. गंडेदोरे आपल्याकडेच असतात असे समजणाऱ्यांनी हे ध्यानात ठेवावे! कामावरचे डॉक्टर जामिने स्वतः पेटीत उतरले, पावणेतीन तास राहिले, आणि अवघ्या साडेतीन मिनिटांत दाब उतरवून बाहेर आले. घरी पोहोचतात तो अंग लुळे पडले. सुदैवाने ते वाचले.

वेदनेने वाकून चालणाऱ्या मजुरांना पाहून सोबती थट्टा करीत. त्या काळी फॅशनेबल बायकांत पुढे झुकून चालण्याची एक ढब निघाली होती, तिचेच नाव ह्या दुखण्याला पडले. 'बेंड्स' म्हणजे वाक. पाणबुडे आजही हाच शब्द वापरतात.

त्याच सुमारास न्यूयॉर्कमध्ये ब्रुकलिनचा सुप्रसिद्ध पूल उभा राहत होता. मुख्य इंजिनीयर वॉशिंग्टन रोबलिंग हा साहेब काठावर छत्री धरून उभा राहणारा नव्हता. मजुरांबरोबर पेटीत उतरे. न्यूयॉर्कच्या बाजूची पेटी ७८ फुटांच्या दिशेने उतरत होती, आणि एप्रिल १८७२ मध्ये माणसे मरू लागली. खडक अजून खाली होता. तेथवर जावयाचे तर आणखी किती जीव जाणार, ह्याचा हिशेब रोबलिंगने मनाशी केला आणि खोदकाम थांबविले. तो खांब आजही वाळूवरच उभा आहे, आणि भक्कम आहे! पण तोवर रोबलिंग स्वतःच त्या दुखण्याने खिळला. पुढची वर्षे ब्रुकलिनच्या घरातून, खिडकीशी बसून, तो पुलाकडे पाहत राहिला. त्याची पत्नी एमिली त्याच्या सूचना घेऊन कामावर जाई. त्यासाठी ती बाई गणित आणि स्थापत्य शिकली. २४ मे १८८३ ला पूल खुला झाला.

इकडे ग्रीसच्या कालिम्नोस बेटावरही हेच चालले होते. पितळी शिरस्त्राणे चढवून स्पंज काढावयास गेलेले तरुण पांगळे होऊन परतत. लंगड्या पाणबुड्याची चाल दाखविणारा 'मिखानिकोस' नावाचा नाच त्या बेटावर आजही नाचतात. नाच म्हणावा की शोक, हे पाहणाऱ्याने ठरवावे.

बकऱ्यांचे उपकार

ह्या रोगाचे मूळ बुडबुड्यात आहे आणि तो बुडबुडा नत्रवायूचा आहे, हे पॉल बेअर ह्या फ्रेंच शास्त्रज्ञाने १८७८ साली प्रयोगांनी सिद्ध केले. पण 'सावकाश या' म्हणजे किती सावकाश? त्याचे उत्तर स्कॉटिश शास्त्रज्ञ जॉन हॉल्डेन ह्याने शोधले, आणि तेही बकऱ्यांच्या मदतीने. पोलादी टाकीत बकऱ्या ठेवून दाब वाढवावयाचा, मग उतरवावयाचा, आणि कोणती बकरी पुढचा पाय उचलून लंगडते ते पाहावयाचे! त्याला आढळले, की दाब निम्म्यावर येईपर्यंत शरीर सहसा तक्रार करीत नाही. म्हणून पाणबुड्याने आधी निम्म्या दाबापर्यंत वर यावे, आणि पुढे जिना चढताना म्हातारी माणसे पायरीपायरीवर टेकतात, तसे ठराविक खोलीवर थांबत थांबत यावे. किती खोलीला किती थांबावयाचे, ह्याची कोष्टके त्याने १९०८ साली प्रसिद्ध केली. पुढे त्यांत पुष्कळ दुरुस्त्या झाल्या. पण आजच्या पाणबुड्याच्या मनगटावरील संगणकाच्या पोटातही तोच पायऱ्यांचा हिशेब आहे.

आणि घात झालाच तर? तर निसटलेली गोळी पुन्हा वर बसवावयाची! रोग्याला पोलादी दाबकोठीत ठेवून दाब वाढवितात, शुद्ध प्राणवायू देतात, आणि मग तासन् तास घेऊन दाब हळूहळू उतरवितात. हे जितक्या लवकर होईल, तितकी आशा अधिक.

लपविलेले दुखणे

पण हे 'लवकर' फार अवघड आहे. माझा विद्यार्थी सांगत होता, त्याच्या एका सोबत्याचा खांदा दुखू लागला. काम जाईल ह्या धास्तीने त्याने दोन दिवस कोणाला सांगितले नाही. "ओझे उचलल्याने भरून आला असेल," म्हणाला. तिसऱ्या दिवशी पाय ओढू लागला. आजही तो काठी घेऊन चालतो.

होंडुरासच्या किनाऱ्यावरील मिस्किटो लोकांची कहाणी तर अंगावर काटा आणते. शेवंड पकडण्यासाठी त्यांना दिवसातून अनेकदा खोल पाण्यात उतरविले जाई. धड शिक्षण नाही, खोली मोजण्याचे साधन नाही, जवळ दाबकोठी नाही. शेकडो तरुण पांगळे झाले. शेवटी २०२१ साली आंतर-अमेरिकी मानवाधिकार न्यायालयाने ४२ पाणबुड्यांच्या प्रकरणात निर्णय दिला आणि होंडुरास सरकारची जबाबदारी पक्की केली. हॉल्डेनची कोष्टके तोवर शंभर वर्षांची म्हातारी झाली होती! ज्ञान असणे निराळे आणि ते गरिबाच्या दारापर्यंत पोहोचणे निराळे.

आता आपल्यापुरते दोन शब्द. तारकर्ली, गोवा, अंदमान येथे हल्ली हौसेने पाण्याखाली जाणारी मंडळी वाढली आहेत. उथळ पाण्यातल्या अर्ध्या तासाच्या बुडीत फारसे भय नाही. परंतु श्वास रोखून वर येऊ नये आणि घाई करू नये. खोल बुड्या मारल्यावर लगेच विमानात बसू नये. कारण विमानातील हवा डोंगरमाथ्यासारखी विरळ असते, म्हणजे ते आणखी वर येणेच झाले. एका साध्या बुडीनंतर निदान बारा तास, अनेक बुड्यांनंतर निदान अठरा तास थांबावे, असे जाणकार सांगतात. आंबोलीचा घाटही त्याच दिवशी चढण्याची घाई नको. आणि नंतर सांधा दुखला, मुंग्या आल्या, भोवळ आली, तर लाज न बाळगता डॉक्टरांना सांगावे, "मी पाण्याखाली गेलो होतो." हे एक वाक्य पाय वाचवू शकते.

निरोप घेताना तो वाकून नमस्कार करू लागला. सवयीने मी म्हणालो, "सावकाश जा रे बाबा!"

तो हसला. "जाताना नव्हे सर, येताना!"