पूर्व जर्मनीतले चर्च: तडजोड आणि तिची किंमत

१९४९ साली पूर्व जर्मनीची स्थापना झाली तेव्हा तिथले दहातले सुमारे आठ लोक प्रोटेस्टंट होते. मार्टिन ल्यूथरचे विटेनबर्ग आणि बाखचे लाइपझिग याच भूमीतले. सत्तेवर आलेल्या समाजवादी एकता पक्षाच्या लेखी मात्र धर्म ही काळाबरोबर संपणारी गोष्ट होती. शाळा, कारखाने, वर्तमानपत्रे, कामगार संघटना एकामागून एक पक्षाच्या हाती गेल्या. त्याच्या शिस्तीबाहेर एकच मोठी संस्था उरली, ती चर्च.

पुढच्या चाळीस वर्षांत ही संस्था कशी वागली, हे एका वाक्यात सांगता येत नाही. धाडसी होती म्हणावे तर पुरावे आहेत, दबली म्हणावे तरी पुरावे आहेत. बिशप सरकारशी बोलणी करत होते, गावातला पाद्री वेगळेच काही करत होता, आणि किंमत बहुतेक वेळा तिसऱ्याच कुणीतरी मोजली. हा तिसरा माणूस नजरेआड होऊ दिला नाही, तरच या इतिहासाचा नीट अर्थ लागतो असे मला वाटते.

पहिला घाव मुलांवर

१९५२-५३ मध्ये सरकारने चर्चच्या तरुण मंडळांवर मोहीम उघडली. ही मंडळे म्हणजे पश्चिमेच्या हेरांचे अड्डे, असा प्रचार झाला आणि सुमारे तीन हजार विद्यार्थ्यांना शाळांतून काढण्यात आले. मार्च १९५३ मध्ये स्टालिन वारला, मॉस्कोचे धोरण सैलावले आणि १० जून रोजी सरकारने बिशपांना बोलावून मोहीम मागे घेतली. त्यानंतर आठवड्याभरातच देशभर कामगारांचा उठाव झाला.

मग पक्षाने हत्यार बदलले. १९५५ पासून चौदा वर्षांच्या मुलामुलींसाठी ‘युगेंडवाइहे’ हा समारंभ सुरू झाला. त्यात समाजवादी राज्याशी निष्ठेची प्रतिज्ञा घ्यायची. चर्चमधला दृढीकरण संस्कारही याच वयात होई. सुरुवातीला बिशपांनी कडक भूमिका घेतली: एक काहीतरी निवडा. पण प्रतिज्ञा नाकारणाऱ्या मुलाला पुढे उच्च शाळेत आणि विद्यापीठात प्रवेश मिळणे अवघड झाले. आईबापांनी हिशेब केला, आणि दशक संपेपर्यंत बहुतेक मुले सरकारी समारंभाला जाऊ लागली. अखेर चर्चनेही दोन्ही चालवून घेतले.

तत्त्व म्हणून बिशपांचे म्हणणे बरोबर होते. पण त्याचा सगळा भार त्यांनी चौदा वर्षांच्या पोराच्या खांद्यावर ठेवला होता, हे विसरता येत नाही.

‘समाजवादातले चर्च’

ऑगस्ट १९६१ मध्ये बर्लिनची भिंत उभी राहिली. तोवर दोन्ही जर्मनींतली प्रोटेस्टंट चर्चेस एकाच संघटनेत होती. भिंतीनंतर एकत्र काम करणे जवळजवळ अशक्य झाले. सरकारचा दबावही दिसत होता: १९६८ साली लाइपझिगमधले मध्ययुगीन विद्यापीठ-चर्च सुरुंग लावून पाडण्यात आले. १९६९ मध्ये पूर्वेकडच्या आठ प्रादेशिक चर्चेसनी वेगळा संघ काढला. त्याचे पहिले प्रमुख आल्ब्रेख्त श्योनहेर हे नाझींनी फाशी दिलेल्या दीट्रिख बोनहोफर यांचे विद्यार्थी. ‘समाजवादाच्या शेजारी नाही, विरोधात नाही, समाजवादातले चर्च’ ही त्या काळातली भूमिका. ही शरणागती आहे की जागा टिकवण्याची युक्ती, यावर चर्चमध्येच एकमत नव्हते.

६ मार्च १९७८ रोजी पक्षप्रमुख एरिक होनेकर आणि श्योनहेर यांची भेट झाली. चर्चला नव्या वस्त्यांत इमारती बांधायची मुभा मिळाली, तुरुंगातल्या कैद्यांना पाद्री भेटू लागले, दूरदर्शनवर थोडा वेळ मिळाला. सरकारलाही गरज होती, कारण पश्चिम जर्मन चर्चेसकडून येणारे परकीय चलन त्याला हवे होते. त्याच वर्षी सप्टेंबरात शाळेत लष्करी शिक्षण सक्तीचे झाले. चर्चने निषेध नोंदवला, पण निर्णय बदलला नाही.

त्साइट्समधले जळणे

होनेकर-श्योनहेर भेटीच्या दीड वर्ष आधी, १८ ऑगस्ट १९७६ रोजी, त्साइट्स शहरातल्या मिखाएल चर्चसमोर ऑस्कर ब्रुझेविट्झ नावाच्या पाद्र्याने गाडी उभी केली. शाळेत मुलांवर होणाऱ्या दडपशाहीबद्दल कम्युनिझमला जाब विचारणारे फलक लावले आणि अंगावर पेट्रोल ओतून पेटवून घेतले. चार दिवसांनी ते गेले. रुग्णालयात घरच्यांना त्यांना भेटू दिले नाही.

ब्रुझेविट्झ हा अडचणीचा माणूस होता. रिपिखा गावातल्या आपल्या चर्चवर त्यांनी दुरून दिसणारा विजेचा क्रूस लावला होता. त्यांनी दुसऱ्या ठिकाणी जावे, असे वरिष्ठांनी सुचवलेही होते. मृत्यूनंतर पक्षाच्या मुखपत्राने त्यांना वेडा ठरवले. चर्चने त्याचा निषेध केला, पण हे कृत्य आपल्याला मान्य करता येत नाही, असेही सांगितले. आत्महत्येला मान्यता देता येत नाही हे समजू शकते. पण त्यांनी ज्या मुलांसाठी हाक दिली ती मुले खरीच होती, आणि ती हाक बोलण्यांच्या टेबलावर नकोशी होती.

छताखाली काय शिजत होते

ज्या तडजोडीवर टीका होते तिनेच जागाही राखली. १९६२ मध्ये लष्करी सेवा सक्तीची झाल्यावर चर्चच्या आग्रहामुळे १९६४ पासून बिनशस्त्र ‘बांधकाम सैनिक’ होण्याची सोय झाली. पूर्व गटात अशी सोय दुसरीकडे कुठे नव्हती. १९८० मध्ये चर्चच्या दहा दिवसांच्या शांति-उपक्रमात ‘तलवारींचे नांगरफाळ’ हे बोधचिन्ह आले. कागदावर छापायला परवाना लागे. म्हणून ते कापडावर छापले, कारण तशी छपाई नियमांच्या लेखी कापडावरची प्रक्रिया होती. चिन्ह तरुणांच्या जाकिटांवर दिसू लागले आणि पोलीस ते फाडून काढू लागले. सप्टेंबर १९८२ मध्ये चर्चच्या सभेने शांततेसाठी ते बनवणे थांबवले. जाकिटाच्या बाहीवर चिन्ह लावलेल्यांना मात्र माघार घ्यायला कुणी विचारले नव्हते.

त्याच महिन्यात लाइपझिगच्या निकोलाई चर्चमध्ये सोमवारी संध्याकाळी पाच वाजता शांतिप्रार्थना सुरू झाली. पाद्री क्रिस्टियान फ्युरर यांनी पुढे चर्चचे दार सर्वांना खुले ठेवले. येणाऱ्यांत देव न मानणारेही होते आणि देश सोडून जायची परवानगी मागणारेही. १९८८ मध्ये चर्चच्या अधिकाऱ्यांनी प्रार्थनेची सूत्रे ती घडवणाऱ्या गटांकडून काढून घेतली, तेव्हा गट बाहेरच्या चौकात जमू लागले. ९ ऑक्टोबर १९८९ रोजी शहरातल्या चार चर्चेसमध्ये प्रार्थना होऊन सुमारे सत्तर हजार लोक रस्त्यावर आले. पक्षाने निकोलाई चर्चमध्ये आपले शेकडो सभासद दुपारपासून आणून बसवले होते. त्यांनीही ती प्रार्थना ऐकली. गोळी चालली नाही. महिन्याने भिंत उघडली.

फायली उघडल्यावर

१९९० च्या मुक्त निवडणुकीनंतरच्या सरकारात पाद्रीच परराष्ट्रमंत्री आणि संरक्षणमंत्री झाले. त्याच निवडणुकीच्या काही दिवस आधी वोल्फगांग श्नूर उघडे पडले. विरोधकांचे खटले लढवणारा, चर्चचा विश्वासू वकील हा गुप्त पोलिसांचा, स्टासीचा, खबऱ्या निघाला. ज्यांनी तुरुंगात त्याच्यापाशी मन मोकळे केले त्यांचे काय झाले असेल, याची कल्पनाही जड जाते.

मानफ्रेड स्टोल्पे यांचे प्रकरण इतके सरळ नाही. चर्चच्या प्रशासनातला हा प्रमुख माणूस वर्षानुवर्षे स्टासीच्या अधिकाऱ्यांना भेटत होता आणि तिथे त्याची ‘सेक्रेटर’ या नावाने नोंद होती. लोकांना वाचवण्यासाठीच आपण बोललो, असे स्टोल्पे यांचे म्हणणे. त्यांच्यामुळे आपण सुटलो, असे सांगणारेही पुढे आले. ब्रांडेनबुर्ग राज्याच्या मतदारांनी त्यांना १९९४ मध्ये मोठ्या बहुमताने पुन्हा मुख्यमंत्री केले. स्टासीच्या फायलींचे खाते मात्र योआखिम गाउक यांच्याकडे होते. तेही रोस्टॉकचे पाद्री, आणि त्यांच्या मते स्टोल्पे हे स्टासीसाठी महत्त्वाचे खबरीच होते. माझ्या मते आक्षेपाचे मूळ भेटींत नाही. ज्यांच्याविषयी त्या भेटींत बोलणे होत होते, त्यांना कुणी विचारले नव्हते.