एका रांजणापासून अनेक रांजणांपर्यंत : कुकडीकांठचा एक दिवस

सहलीचें नांव निघालें कीं बहुतेक घरांत पक्ष पडतात. वडीलधाऱ्या मंडळींस देवदर्शन हवें असतें, मुलांना किल्ला किंवा धबधबा हवा असतो, आणि डबे भरण्याचें काम ज्यांच्या माथीं येतें त्यांस कोठेंहि चालतें. फक्त रात्रीं वेळेवर घरीं परत येतां आलें पाहिजे. गेल्या मार्गशीर्षांत आमच्याहि घरीं हाच वाद झाला. तोड निघाली ती आमच्या एका स्नेह्यांच्या सूचनेनें. हे गृहस्थ जुन्नर तालुक्यांत शिक्षक आहेत. ते म्हणाले, "स्थळांची यादी करीत बसूं नका. एक नदी धरा आणि उगमापासून तिच्याबरोबर खालीं या. देवहि भेटेल, डोंगरहि भेटेल."

नदी ठरली कुकडी. नाणेघाटाजवळ सह्याद्रीच्या माथ्यावर ती उगम पावते, जुन्नर तालुक्यांतून पूर्वेस वाहते, पुढें घोडनदीस व तिच्याबरोबर भीमेस जाऊन मिळते. गंगा-गोदावरींप्रमाणें तिचें माहात्म्य कोणी गाइलेलें नाहीं. परंतु सूर्योदयास तिच्या उगमाशीं असावें आणि सूर्यास्तास निघोजच्या खडकांत तिचा निरोप घ्यावा, ही सोय मोठ्या नद्यांच्या बाबतींत नाहीं.

भाड्याची एक मोटार सांगितली. एकुणऐंशी वर्षांच्या मातोश्री, वडील बंधु व वहिनी, आम्ही उभयतां आणि घरांतलीं तीन मुलें इतकीं मंडळी पहाटे चार वाजतां पुण्याहून निघालों. बरोबर दशम्या, तिळाची चटणी, दही व मुगाचे लाडू होते. जुन्नरास स्नेही मोटारींत बसले, आणि डोंगरांवर ऊन पडूं लागलें तेव्हां आम्ही नाणेघाटाच्या माथ्यावर होतों.

पावसाळ्यांत येथें वाऱ्याच्या झोतानें धबधब्याचें पाणी खालीं पडण्याऐवजीं उलट वर उडतें, व तें पाहण्यास लोकांची झुंबड उडते. आम्ही गेलों त्या सकाळीं तेथें वाऱ्याशिवाय दुसरें कोणी नव्हतें. घाटाच्या तोंडाशीं एक भला मोठा दगडी रांजण आहे. कल्याण व सोपारा या बंदरांकडून जुन्नरकडे येणारा माल पूर्वीं याच वाटेनें चढे, आणि व्यापाऱ्यांकडून जकातीचीं नाणीं घेऊन तीं या रांजणांत टाकीत, अशी लोकांची समजूत आहे. मुलांनीं आंत डोकावून पाहिलें. आंत फराळाच्या रिकाम्या पिशव्या आणि पाण्याची एक बाटली होती. "एवढ्या वर्षांच्या जकातीची ही अखेरची शिल्लक," दादा म्हणाले, आणि त्यांनीं तो कचरा उचलून आपल्या पिशवींत घातला.

तेथून थोडें खालीं उतरलें कीं खडकांत कोरलेली एक प्रशस्त खोली लागते. तिच्या दोन बाजूंच्या भिंतींवर ब्राह्मी लिपींत, प्राकृत भाषेंत एक लांब लेख आहे. तो सातवाहन राणी नागनिका हिचा. इसवी सनापूर्वीं पहिल्या शतकांतील असें बहुतेक पंडित त्यास मानतात. मागील भिंतीवर राजकुलांतील व्यक्तींच्या मूर्ति होत्या. आज पायांच्या खुणा आणि वरचीं नांवें तेवढीं उरलीं आहेत. त्यांत राजा सिमुक आहे, सातकर्णि आहे, आणि त्याच्या शेजारीं नागनिका आहे.

लेखांत यज्ञांची व त्यांत दिलेल्या दक्षिणेची नोंद आहे. अग्न्याधेयाची दक्षिणा बारा गाई आणि एक घोडा. त्यांतील बारा ही संख्या आधीं शब्दांत व मग अंकांत दिली आहे, जशी आजहि आपण पावतीवर रक्कम दोनदां लिहितों. त्या अंकांत शून्य नाहीं. दहासाठीं एक स्वतंत्र चिन्ह, आणि त्याच्यापुढें दोनाचें. एकोणिसाव्या शतकांत पंडित भगवानलाल इंद्रजी यांनीं या अंकांचा अभ्यास केला, आणि भारतीय अंकांच्या इतिहासांत तेव्हांपासून या लेण्याचें नांव घेतलें जातें. आमच्या पुतणीनें आपल्या वहींत तीं चिन्हें उतरून घेतलीं.

मातोश्री खालीं उतरूं शकल्या नाहींत. त्या वर रांजणापाशीं शाल पांघरून बसल्या होत्या. पतीच्या पश्चात् ही राणी महिना महिना उपवास करी, घरांत तपस्विनीसारखी राही, आणि पुत्र लहान असल्यामुळें राज्याचा भारहि तिनेंच वाहिला असें मानतात, हें त्यांस सांगितलें. त्या थोडा वेळ गप्प राहिल्या. मग म्हणाल्या, "हिशेब दगडावर कोरून ठेवला हें तिनें फार चांगलें केलें. नाहींतर बाईमाणसानें केलेलें कोण लक्षांत ठेवतो?" वहिनींनीं आमच्याकडे पाहिलें. आम्ही घाटाच्या खालीं पसरलेल्या कोंकणाकडे पाहिलें.

परतीच्या वाटेवर चावंड किल्ल्याजवळ पूर म्हणून गांव आहे. तेथें कुकडेश्वराचें प्राचीन देऊळ आहे, व कुकडीचा उगम येथेंच मानतात. शिलाहार राजा झंझ यानें नद्यांच्या उगमांशीं बारा शिवालयें बांधलीं, त्यांपैकीं हें एक, अशी परंपरा आहे. मूळ शिखर आज नाहीं. परंतु खांबांवरील व भिंतींवरील कोरीव काम पाहात राहावें असें आहे. मातोश्रींनीं अभिषेकाची हौस येथें पुरवून घेतली. देवळाबाहेर नदी एवढीशी होती कीं धाकट्या चिरंजीवानें ती एका उडींत ओलांडली आणि आपण कुकडी उल्लंघिली म्हणून दिवसभर प्रौढी मिरविली. दशम्या आम्हीं तेथेंच सोडल्या.

ही एका उडीची नदी दोन घटकांतच माणिकडोहच्या धरणांत शिरून सागरासारखी पसरते. तिच्याच वाटेवर पुढें येडगांवचें धरण आहे. तिचें पाणी कालव्यांनीं ऊंस, द्राक्षें व भाजीपाला यांच्या शेतांत जातें. उंसाच्या आडोशानें बिबळ्यांनींहि या भागांत वस्ती केली आहे, म्हणून अंधार पडल्यावर मुलांनीं शेतांच्या बाजूस उतरूं नये, अशी ताकीद स्नेह्यांनीं दिली. ती वाचकांनींहि लक्षांत ठेवावी.

नारायणगांव ओलांडून पूर्वेस खोडदच्या बाजूस गेलों. शेतांच्या वर प्रचंड, जाळीदार परडीसारखें कांहींतरी आकाशाकडे तोंड करून उभें राहिलेलें दिसूं लागलें. हीच ती मोठी रेडिओ-दुर्बीण. प्रा. गोविंद स्वरूप (१९२९–२०२०) यांच्या कल्पनेंतून ती उभी राहिली व २००१ सालीं राष्ट्रास अर्पण झाली. प्रत्येकीं ४५ मीटर व्यासाच्या अशा तीस तबकड्या आहेत. चौदा मध्यभागीं, बाकीच्या सोळा तीन दिशांना लांबवर पसरलेल्या. तारांच्या दोरांवर ताणलेल्या जाळीमुळें वारा त्यांतून आरपार जातो, म्हणून एवढा आकार थोड्या वजनांत व थोड्या खर्चांत उभा राहूं शकला. दूरच्या आकाशगंगांतून अब्जावधि वर्षांपूर्वीं निघालेल्या लहरी येथें टिपल्या जातात. आंत जाण्यास परवानगी लागते. ती आम्हीं घेतली नव्हती, म्हणून रस्त्यावरून पाहूनच समाधान मानलें. एवढ्या क्षीण लहरी ऐकावयाच्या तर आसपास गोंगाट नको, म्हणून मोबाईल बंद करण्यास स्नेह्यांनीं सांगितलें. मुलांच्या हातांतून तें यंत्र दिवसांत प्रथमच सुटलें.

आतां त्या दिवसाचें मुख्य प्रकरण. खोडदपासून जवळच कुकडीच्या कांठीं बोरी हें गांव आहे. नदीच्या दरडींत मातीच्या थरांमध्यें एक करडा-पांढरा पट्टा दिसतो. हात लावला तर पिठासारखा मऊ. नवखा मनुष्य त्यास चुनखडी समजून पुढें जाईल. वास्तविक ती ज्वालामुखीची राख आहे. आपला सह्याद्रि सुमारें साडेसहा कोटी वर्षांपूर्वीं वाहिलेल्या लाव्हाचा बनलेला आहे. परंतु ही राख त्याची नव्हे. पुण्याच्या डेक्कन कॉलेजांतील संशोधकांनीं १९८० च्या दशकांत ती प्रकाशांत आणली, आणि पुढील परीक्षणांत तिच्यांतील कांचेच्या सूक्ष्म कणांचें नातें सुमात्रा बेटांतील टोबा ज्वालामुखीशीं जुळलें. म्हणजे तीन हजार किलोमीटरांहून अधिक अंतर आकाशांतून येऊन ती या कांठावर पडली. ती सुमारें चौऱ्याहत्तर हजार वर्षांपूर्वींच्या उद्रेकाची, कीं सुमारें आठ लाख वर्षांपूर्वींच्या, याबद्दल शास्त्रज्ञांत मतभेद आहे. त्याच परिसरांत आदिमानवाचीं दगडी हत्यारें सांपडलीं असल्यामुळें हा वाद साधा नाहीं. थराचें वय ठरलें तर या भूमींत मनुष्य केव्हां वावरत होता त्याचाहि अंदाज येतो.

हें सर्व ऐकून चिरंजीवानें खिशांतून एक डबी काढली व ती राखेनें भरली. शाळेंत दाखवावयाची होती. दादांनीं ती रिकामी करावयास सांगितलें. मुलगा रडकुंडीस आला. वहिनी म्हणाल्या, "मूठभर राखेनें काय होणार आहे? सबंध दरड पडली आहे तेथें." स्नेही म्हणाले, "मूठभरानें कांहीं होत नाहीं हें खरें. पण मी दरवर्षीं वर्ग घेऊन येतों. चाळीस मुलें, चाळीस मुठी. शिवाय पूर दरड खातो, माणसेंहि नदीकांठ उकरतात. थर कमी होत जाणार, वाढणार मात्र कधींच नाहीं."

मुलगाहि हार जाणारा नव्हता. त्यानें आजीकडे दाद मागितली. "आजी, तूं देवळांतून अंगारा आणतेस कीं नाहीं? मग मी ही आणली तर काय झालें?"

प्रश्न बिनतोड होता. दादाहि निरुत्तर झाले. मातोश्री मोटारींतच बसून होत्या. त्यांनीं डबी हातांत घेतली, राख बोटांवर चोळून पाहिली, आणि म्हणाल्या, "अंगारा रोज नवा होतो, बाळ. ही पुन्हा पडायची नाहीं."

मुलानें डबी परत नेऊन रिकामी केली. मग तो दरडीसमोर बसला आणि पुतणीच्या वहींत त्यानें सर्व थरांचें चित्र काढलें. कोणता थर किती जाड, हें त्यानें आपल्या विती मोजून लिहिलें. यांत अर्धा तास गेला, व चहा चुकला.

ऊन उतरतां उतरतां निघोजला पोहोंचलों. एका बाजूस पारनेर तालुका, दुसऱ्या बाजूस शिरूर, आणि मधून काळ्या खडकांत वाहणारी कुकडी. कांठावर मळगंगा देवीचें देऊळ आहे. सकाळीं एका उडीची असलेली नदी येथें खडकांत शेंकडों रांजण कोरून बसली आहे. कांहीं घंगाळाएवढे, कांहीं विहिरीसारखे. कांहींच्या भिंती झिजून दोहोंचा एक झालेला. वहिनींनीं एका खळग्यांत पाहिलें मात्र, आणि म्हणाल्या, "हा तर रगडा!" शास्त्र याहून निराळें सांगत नाहीं. खडकांतल्या लहान खळगींत गोटा अडकतो, पाण्याच्या भोंवऱ्याबरोबर गरगर फिरतो, आणि हजारों वर्षें दगड दगडास दळीत राहतो. तळाशीं अजून गोटे दिसतात. तेच या रांजणांचे पाथरवट. कडा गुळगुळीत व पाणी खोल असल्यामुळें येथें मुलांचा हात क्षणभरहि सोडूं नये, आणि पावसाळ्यांत तर खडकावर उतरूंच नये.

सकाळचा रांजण मनुष्यानें कोरला होता, आणि आम्हीं पाहिला तेव्हां त्यांत कचरा होता. संध्याकाळच्या या रांजणांत नदीनें पाणी आणि आभाळ भरून ठेवलें होतें. परंतु दोन-तीन खळग्यांत तेथेंहि त्याच पिशव्या तरंगत होत्या. दादांची पिशवी एव्हांना भरली होती.

शिरूरमार्गें रात्रीं साडेनवास घरीं आलों. हा लेख लिहावयास घेतला तेव्हां दादांनीं हरकत घेतली. "लोक वाचतील, जातील, आणि डब्या भरून आणतील. निनांवी आहेत तोंवरच हीं ठिकाणें सुरक्षित आहेत." आम्हांस त्यांचें म्हणणें निम्में पटतें. पण जें कोणास माहीत नाहीं, तें नष्ट झाल्याचेंहि कोणास कळत नाहीं. दरडींतील राख चुनखडी म्हणून खणली गेली, तर तिच्यासाठीं हळहळणारा तरी कोण असेल? म्हणून नांवें सांगितलीं आहेत. जाणाऱ्यांनीं घरांतलें एखादें वडील माणूस बरोबर न्यावें, त्या भागांतील जाणत्या मनुष्यास वाट विचारावी, आणि येतांना आपल्या पिशवींत फक्त कचरा आणावा, एवढीच विनंति.

चिरंजीवाच्या शाळेंत सहलीवर बोलावयास सांगितलें होतें. कोणी शंख नेले, कोणी दगड नेले. हा रिकामी डबी आणि तें चित्र घेऊन गेला. डबी रिकामी कां, असें सर्वांनीं विचारलें, आणि त्यामुळें सर्वांत जास्त वेळ बोलण्याची पाळी त्याच्यावर आली.