दोन वर्षांनी वीजबिल बुडत नाही

‘दोन वर्षं गप्प बसले ना? मग बुडालं त्यांचं बिल!’ सुरतजवळच्या हजीऱ्याच्या कारखान्यांत कामाला जाणाऱ्या खानदेशी मंडळींत हे वाक्य इतक्या ठामपणे फेकलं जातं की समोरचा मान डोलावून मोकळा होतो. सांगणाऱ्यांपैकी कलम वाचलेलं कुणी नसतं. वाचलंच असेल, तर अर्धं.

वीज कायदा 2003, कलम 56(2). रक्कम पहिल्यांदा देय झाल्यापासून दोन वर्षांनंतर ती वसूल करता येणार नाही, हा अर्धा भाग सगळ्यांना पाठ. पुढचा भाग असा: मधल्या बिलांत ती थकबाकी म्हणून सलग दाखवलेली असेल, तर ही मुदत आड येत नाही. म्हणजे दर बिलातला मागील बाकीचा जो आकडा आपण नजरेआड करतो, तोच कंपनीचा दावा जिवंत ठेवतो.

बरं, रक्कम ‘देय’ कधी होते? वीज वापरली त्या दिवशी नव्हे, बिल आलं तेव्हा. राजस्थानात अजमेर वीज वितरण कंपनीने एका ग्राहकाला जुलै 2009 ते सप्टेंबर 2011 पर्यंत चुकीचा दर लावला होता. चूक उघडकीला आल्यावर मार्च 2014 मध्ये फरकाचं बिल धाडलं. सर्वोच्च न्यायालयाने 18 फेब्रुवारी 2020 ला निकाल दिला: पुरवणी बिल काढायला बंदी नाही, मात्र त्यासाठी वीज तोडता येणार नाही, वसुलीचे इतर कायदेशीर मार्ग मोकळे. 19 मे 2023 ला केरळ वीज मंडळाच्या प्रकरणात तेच न्यायालय आणखी स्पष्ट बोललं. दोन वर्षांची मुदत वीज तोडण्याच्या अधिकाराला लागते, दिवाणी दाव्याला नाही. दाव्याला मुदत कायदा आहेच. कंपनीच्या हातून पक्कड जाते, पैसे जात नाहीत. आता तरी हे ‘बुडालं’ बंद करा!

बिल खरोखरच चुकीचं वाटलं तर गप्प बसणं हा सर्वांत वाईट डाव. तोडण्याआधी पूर्ण 15 दिवसांची लेखी नोटीस द्यावीच लागते. मागितलेली रक्कम किंवा मागच्या सहा महिन्यांच्या सरासरीने येणारी रक्कम, यातली जी कमी असेल ती ‘निषेध नोंदवून’ भरली, तर वादाचा निकाल लागेपर्यंत वीज तोडता येत नाही. ही सोय त्याच कलमाच्या पहिल्या पोटकलमात आहे. ती मात्र कुणी सांगत नाही.

‘गुजरातचा कायदा वेगळा.’ नाही. हजीऱ्यात दक्षिण गुजरात वीज कंपनी असो, सुरत शहरात टोरेंट असो की जळगावात महावितरण, कायदा केंद्राचा, एकच. राज्यागणिक बदलते ती पुरवठा संहिता.

‘घर विकत घेतलं, जुन्या मालकाची थकबाकी त्याची तो बघेल.’ पुरवठा संहितेत तशी अट असेल तर नवी जोडणी देण्याआधी ती तुमच्याकडून मागता येते, हेही 2023 च्या त्याच निकालात आहे. इथे कुणीतरी हमखास हजीऱ्याच्या एस्सार स्टीलचं उदाहरण देतो. दिवाळखोरीतून कारखाना नव्या मालकाकडे गेला, आणि मंजूर आराखड्याबाहेरचे जुने दावे त्याच्यावर लादता येणार नाहीत, असं सर्वोच्च न्यायालयाने 15 नोव्हेंबर 2019 ला म्हटलं, हे खरं. पण ती दिवाळखोरी संहितेची वाट आहे. सुरतच्या उधन्यातल्या फ्लॅटच्या व्यवहाराला ती लागू नाही.

‘थेट वीज नियामक आयोगात जाऊ.’ हजीऱ्याच्या 515 मेगावॉट प्रकल्पावरून एस्सार पॉवर आणि गुजरात ऊर्जा विकास निगम भांडले, तेव्हा असा वाद आयोगाकडेच जाईल, असं सर्वोच्च न्यायालयाने 2008 मध्ये ठरवलं. तो वीजनिर्मिती कंपनी आणि परवानाधारक यांच्यातला झगडा होता. तुमच्या बिलाची तक्रार आधी वीज कंपनीच्या ग्राहक तक्रार निवारण मंचाकडे, मग लोकपालाकडे.

अनधिकृत वापराची आकारणी झाली असेल, तर अंतिम आदेशानंतर 30 दिवसांत, निम्मी रक्कम भरून, वेगळं अपील करावं लागतं. तिथे ही तीस दिवसांची मुदत तुमच्यावर आहे, कंपनीवर नाही.