‘पिशवीला सूज’ आणि तिच्यामागची व्याधी

‘पिशवीला सूज आहे’ हे वाक्य महाराष्ट्रातील असंख्य स्त्रियांनी दवाखान्यात ऐकलेले आहे. ते ऐकून बाहेर पडणाऱ्या स्त्रीला आपल्याला नेमके काय झाले आहे, हे मात्र फारसे उमगलेले नसते. सूज कशाची, ती का आली, औषधाने उतरणार की नाही, यांपैकी एकाही प्रश्नाचे उत्तर त्या वाक्यात नाही. सोनोग्राफीच्या अहवालातही पुष्कळदा ‘बल्की युटेरस’ एवढीच नोंद असते. म्हणजे गर्भाशय नेहमीपेक्षा मोठे दिसते, इतकेच. वास्तविक हे निदान नव्हे, केवळ वर्णन आहे. गर्भाशय मोठे दिसण्याची कारणे अनेक असतात. त्यांपैकी एका महत्त्वाच्या कारणाला वैद्यकशास्त्रात ‘ॲडेनोमायोसिस’ म्हणतात, आणि ज्यांना ही व्याधी जडलेली असते त्यांच्याही कानावर हे नाव क्वचितच पडते.

गर्भाशयाची भिंत मुख्यतः दोन थरांची असते. आतले मऊ अस्तर दर महिन्याला वाढते आणि गर्भधारणा न झाल्यास पाळीच्या रूपाने गळून पडते. त्याच्या बाहेर स्नायूंचा जाड थर असतो. प्रसूतीच्या वेळी मूल बाहेर लोटण्याचे काम तोच करतो. ॲडेनोमायोसिसमध्ये या दोहोंमधली सीमा मोडते. अस्तरातील ग्रंथी आणि त्यांच्याभोवतीच्या पेशी स्नायूत शिरतात व तेथेच ठाण मांडतात. त्यांच्या सान्निध्यात स्नायूतंतू फुगतात, भिंत जाड होते, दाह उत्पन्न करणारी द्रव्ये स्रवू लागतात आणि स्नायूंच्या आकुंचनाचा जोर वाढून कळा येतात. फायब्रॉइडची गाठ वेगळी. ती भिंतीत बसवलेल्या दगडासारखी असते. तिला कडा असते आणि शल्यविशारद ती सोलून बाहेर काढू शकतो. ॲडेनोमायोसिस हे भिंतीत मुरलेल्या ओलीसारखे आहे. ती ओल कोठे सुरू होते आणि कोठे संपते, हे बोट ठेवून सांगणे कठीण. ही व्याधी म्हणजे कर्करोग नव्हे, हेही येथेच स्पष्ट केलेले बरे. कारण अनेक स्त्रिया पोटातले दुखणे लपवितात त्याच्या मुळाशी नेमकी हीच धास्ती असते.

या व्याधीचा शोध ज्या रीतीने लागला, त्या रीतीचा परिणाम तिच्याविषयीच्या समजुतींवर दीर्घकाळ राहिला. व्हिएन्नाचे विकृतिशास्त्रज्ञ कार्ल फॉन रोकिटान्स्की यांनी १८६० साली गर्भाशयाच्या स्नायूत आढळणाऱ्या ग्रंथींचे वर्णन केले. बाल्टिमोर येथील टॉमस कलन यांनी १९०८ साली या विषयावर स्वतंत्र ग्रंथच प्रसिद्ध केला, आणि आज रूढ असलेले नाव १९२५ साली ऑस्कर फ्रांकल यांनी दिले. या अभ्यासकांना व्याधी दिसली ती देहाबाहेर काढलेल्या गर्भाशयात, सूक्ष्मदर्शकाखाली. क्युरेटिंगमध्ये फक्त अस्तर खरवडले जाते. स्नायूच्या आत काय चालले आहे, याचा पत्ता त्यावरून लागत नाही. साहजिकच निदान पक्के व्हावयाचे, तर आधी अवयव गमवावा लागे. दुखण्याचे नाव कळे तेव्हा दुखण्याची जागाच उरलेली नसे.

यातून एक मोठा गैरसमज रुजला. चाळिशी उलटलेली, दोन-तीन बाळंतपणे झालेली स्त्री हीच या व्याधीची रुग्ण, असे पाठ्यपुस्तके वर्षानुवर्षे सांगत राहिली. पण गर्भाशय काढले जाई ते बहुतेक त्याच वयाच्या स्त्रियांचे! विशीतल्या अविवाहित मुलीचे गर्भाशय काढून कोणी तपासत नव्हते; तेव्हा तिला ही व्याधी होत नाही, हा निष्कर्ष पाहण्याच्या पद्धतीतूनच निघालेला होता. व्याधीच्या प्रमाणाचीही तीच गत. काढलेल्या गर्भाशयांपैकी किती गर्भाशयांत ती आढळते, याचे निरनिराळ्या अभ्यासांतील आकडे ५ टक्क्यांपासून ७० टक्क्यांपर्यंत पसरलेले आहेत. विकृतिशास्त्रज्ञाने किती काप घेऊन पाहिले आणि ग्रंथी किती खोल गेल्या म्हणजे व्याधी मानावयाची, यावर ते अवलंबून होते.

विसाव्या शतकाच्या अखेरच्या दोन दशकांत योनिमार्गे केली जाणारी सोनोग्राफी आणि एम. आर. आय. ही साधने आली आणि जिवंत स्त्रीच्या देहात, एकही टाका न घालता, ही व्याधी पाहता येऊ लागली. भिंतीची एक बाजू दुसरीपेक्षा जाड असणे, स्नायूत सूक्ष्म पुटिका दिसणे, पंख्याच्या काड्यांसारख्या सावल्या पडणे, अस्तर व स्नायू यांमधील पट्टा १२ मिलिमीटर किंवा अधिक जाड होणे, अशा खुणांवरून जाणता तज्ज्ञ आज निदान करू शकतो. सोनोग्राफीतील या खुणांची परिभाषा एका आंतरराष्ट्रीय तज्ज्ञगटाने २०१५ साली ठरविली आणि २०२२ साली तिच्यात सुधारणा केली. पाहण्याची रीत बदलताच रुग्णाचे चित्रही बदलले. विशीतल्या, काही वेळा त्याहूनही लहान वयाच्या मुलींत ही व्याधी दिसू लागली. मूल न राहणे, गर्भपात होणे, यांच्याशी तिचा संबंध ध्यानात येऊ लागला.

सुमारे एकतृतीयांश स्त्रियांना या व्याधीचा काहीच त्रास होत नाही. उरलेल्यांचा त्रास मात्र थोडाथोडका नसतो. पाळीपूर्वीच ओटीपोटात भरून येते, कळा कंबरेत आणि मांड्यांत उतरतात, गाठी पडतात, आठ-आठ दिवस अंगावरून जात राहते. शाळेत सलग चार तास उभे राहणाऱ्या शिक्षिकेला मधल्या सुटीपर्यंत कपडे खराब होणार नाहीत ना, याच विवंचनेत शिकवावे लागते. कचेरीतील स्त्री किरकोळ रजेच्या अर्जात ‘ताप’ असे कारण लिहिते, कारण खरे कारण लिहिण्याची सोय नसते. घरी सांगावे, तर आई म्हणते, आम्हालाही असेच व्हायचे. लग्न झाले, मूल झाले, की थांबेल. ते खरोखर थांबते बहुधा रजोनिवृत्तीनंतर. तोपर्यंत दर महिन्याच्या रक्तस्रावाने अंगातले रक्त आटत जाते. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत १५ ते ४९ वयोगटातील भारतीय स्त्रियांपैकी ५७ टक्के स्त्रियांना रक्तक्षय असल्याचे आढळले. त्याचे कारण म्हणून अपुऱ्या आहाराचा उल्लेख नेहमी होतो व तो रास्तच आहे. पण लोहाच्या गोळ्या देताना ‘पाळीत किती जाते?’ हा साधा प्रश्न कितीदा विचारला जातो? तास-दोन तासांला पॅड बदलावा लागणे, रात्री त्यासाठी उठावे लागणे, सात दिवसांच्या वर स्राव चालणे, हे ‘असायचेच’ म्हणून सोडून देण्याजोगे खचित नाही.

उपचार आज अनेक आहेत. मेफेनॅमिक ॲसिडसारखी वेदनाशामके कळा कमी करतात. ट्रानेक्झॅमिक ॲसिडने स्राव आटोक्यात येतो. डायनोजेस्टसारखी संप्रेरकांची औषधे अस्तराची वाढ रोखतात. विशेष उपयुक्त ठरले आहे ते तांबीसारखेच दिसणारे, पण तांब्याऐवजी लिव्होनॉरजेस्ट्रेल हे संप्रेरक गर्भाशयातच थोडे थोडे सोडणारे साधन. ते एकदा बसविले, की काही वर्षे काम देते आणि अनेक स्त्रियांचा स्राव लक्षणीय घटतो. अर्थात त्याची किंमत काही हजार रुपये आहे, सुरुवातीचे काही महिने अनियमित डाग पडतात आणि मूल हवे असणाऱ्या स्त्रीला ते उपयोगाचे नाही. यांपैकी कोणताही उपाय व्याधी समूळ नाहीशी करीत नाही. ते काम केवळ गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियेने होते, आणि नेमक्या याच सत्याचा आपल्याकडे फार उतावीळपणे उपयोग केला गेला आहे.

‘मुले झाली ना? मग पिशवी काढून टाका’ हा सल्ला किती सहज दिला जातो, याचे दारुण दर्शन बीड जिल्ह्यात घडले. २०१९ साली नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखालील समितीने तेथील ८२,३०९ ऊसतोड कामगार स्त्रियांची माहिती घेतली, तेव्हा त्यांतील १३,८६१ स्त्रियांचे गर्भाशय काढलेले आढळले. म्हणजे सहा जणींत एकीचे. उचल घेतलेली, खाडा पडला तर दंड भरावा लागणारा, फडात ना शौचालय ना पाणी. अशा स्थितीत पाळीच नको, असे एखादीला वाटले, तर तिला दोष कसा द्यावा? दोष आहे तो तिच्या असहायतेला उपचाराचे रूप देणाऱ्यांचा. या स्त्रियांपैकी कितीजणींना ॲडेनोमायोसिस होता आणि कितीजणींना गोळ्यांनी बरा होणारा साधा जंतुसंसर्ग, हे आता कोण सांगणार? हा प्रश्न एका जिल्ह्यापुरताही नाही. राजस्थान, बिहार व छत्तीसगढ येथील अशाच शस्त्रक्रियांविषयी डॉ. नरेंद्र गुप्ता यांनी सर्वोच्च न्यायालयात दाद मागितली होती. एप्रिल २०२३ मध्ये न्यायालयाने सर्व राज्यांना केंद्राची २०२२ ची मार्गदर्शक तत्त्वे तीन महिन्यांत अमलात आणण्याचा आदेश दिला. राष्ट्रीय, राज्य व जिल्हा पातळीवर देखरेख समित्या नेमाव्यात, असे त्यांत सांगितले आहे.

म्हणून ही शस्त्रक्रियाच त्याज्य ठरविणेही योग्य नव्हे. औषधे करून थकलेली, रक्त चढवून घ्यावे लागणारी पंचेचाळीस वर्षांची स्त्री सर्व समजून-उमजून गर्भाशय काढून टाकण्याचे ठरविते, तेव्हा तिला ‘अजून थोडे सोसा’ असे सांगणे हाही अन्यायच. मात्र या व्याधीसाठी गर्भाशय काढले, म्हणून निरोगी बीजांडकोशही काढावे लागतात असे नाही. ते अकाली काढले, तर रजोनिवृत्ती एका दिवसात ओढवते आणि हाडे व हृदय दोन्ही धोक्यात येतात. शस्त्रक्रियेपूर्वी हा प्रश्न वेगळा विचारावा लागतो; संमतिपत्रावर सही करताना तो पुष्कळदा कोणी विचारीत नाही.

काढलेले गर्भाशय तपासणीसाठी प्रयोगशाळेत पाठविले जाते आणि तेथून येणाऱ्या अहवालात व्याधीचे नाव लिहिलेले असते. तो कागद बहुतेक वेळा फाइलीत राहतो. भारतीय वैद्यक परिषदेच्या २००२ च्या नियमांनुसार रुग्णाने मागणी केल्यास ७२ तासांच्या आत त्याला कागदपत्रे द्यावी लागतात. हा अहवाल हाती असला, तर शस्त्रक्रियेपूर्वी सांगितलेले कारण आणि प्रत्यक्ष आढळलेले कारण एकच होते की नाही, हे ताडून पाहता येते.