गिधाड कोणत्या वर्गात बसते?

प्राण्यांचे शाकाहारी, मांसाहारी आणि मिश्राहारी असे तीन वर्ग आपण सर्वांनी शाळेत पाठ केले आहेत. या विभागणीचा आधार प्राण्याच्या शरीररचनेत आहे. गाईच्या वरच्या जबड्यात पुढचे दात नसतात; जठराचे चार कप्पे आणि रवंथ यांच्या साहाय्याने ती गवत पचवते. मांजराच्या शरीरात टॉरीन हे आवश्यक द्रव्य पुरेसे तयार होत नाही. ते त्याला मांसातूनच मिळते. आपल्याकडील अस्वल फळे, मध आणि वाळवी खाऊन राहते, म्हणून ते मिश्राहारी. आहार निवडण्याचा विवेक मनुष्यापाशी आहे, प्राण्यापाशी नाही. त्यामुळे आहारावरून प्राण्याला पापी वा पुण्यवान ठरवणे योग्य नव्हे.

याखेरीज आणखी एक वर्ग आहे, मृतभक्षकांचा. गिधाड हे त्याचे ठळक उदाहरण. मेलेल्या जनावरांवरच त्याची उपजीविका चालते. त्याच्या जठरातील आम्ल इतके तीव्र असते की कुजलेल्या मांसातील अनेक रोगजंतू तेथे नष्ट होतात. गिधाडांचा थवा एक मृत बैल अल्पावधीत साफ करतो. गावोगावची ही स्वच्छता शतकानुशतके विनामूल्य चालत आली होती.

1990 च्या दशकात मात्र भारतातील गिधाडे झपाट्याने नाहीशी होऊ लागली. पांढऱ्या पाठीच्या गिधाडांची संख्या 1992 ते 2007 या काळात 99 टक्क्यांहून अधिक घटली. त्याचे कारण 2004 मध्ये प्रकाशात आले. गुराढोरांना वेदनाशामक म्हणून दिले जाणारे डायक्लोफेनॅक मृत जनावराच्या मांसात उरते आणि ते खाणाऱ्या गिधाडाचे मूत्रपिंड निकामी होते. केंद्र सरकारने 2006 मध्ये या औषधाच्या पशुवैद्यकीय वापरावर बंदी घातली. किटोप्रोफेन व ॲसिक्लोफेनॅक यांवरही 2023 मध्ये तशीच बंदी आली.

हा विषय आपल्या समाजाच्या अगदी जवळचा आहे. आपल्यातील अनेक कुटुंबे पांजरपोळांना नियमित दान देतात. काहीजण तेथे विश्वस्त म्हणूनही काम पाहतात. वृद्ध, आजारी जनावरांची सेवा तेथे होते आणि त्यांना वेदनाशामके द्यावी लागतात. गाईवर केलेली दया गिधाडाच्या जिवावर बेतू नये, एवढी काळजी घेणे आपल्या हाती आहे. मेलॉक्सिकॅम हे औषध गिधाडांना सुरक्षित असल्याचे सिद्ध झाले आहे आणि ते सहज उपलब्धही आहे.

विश्वस्तांनी औषधखरेदीची बिले तपासताना रकमेबरोबर औषधाचे नावही वाचावे. माणसांसाठीचे डायक्लोफेनॅक इंजेक्शन जनावरांकरिता आणले जात नाही ना, याची पशुवैद्यांकडे चौकशी करावी. दात्यांनीही देणगी देताना हा प्रश्न अवश्य विचारावा. जीवदयेच्या खात्यात गाईइतकीच गिधाडाचीही नोंद असली पाहिजे.